हरभऱ्यात पुरलेली कॅसेट

हे मी आजवर कोणालाच सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही — आणि तिच्यापासून काही लपवणं ही काय चीज आहे, ते तिला भेटल्याशिवाय कळायचं नाही.

मी चिखलीत राहतो आणि प्रायोगिक सिनेमे करतो. म्हणजे जुन्या लग्नांच्या कॅसेटी गोळा करतो, त्यांतले तुकडे जोडतो आणि त्याला 'स्मृती' म्हणतो. आई म्हणते, "लोकाच्या लग्नात इतके वर्सं कोणी बसते काय रे?"

हे वेड लावलं रशीदचाचांनी. तालुक्यातली निम्मी लग्नं त्यांनी शूट केलेली. कॅमेरा धरायलाही त्यांनीच शिकवलं, वर चहा पाजून. त्यांची बायको मात्र एकाच कॅसेटमध्ये होती — कोणाच्या तरी पंगतीत, पाहुणी म्हणून, हातात जिलबी, हसताना. चाचांचा कॅमेरा तिच्यावरच अडकला होता, मागून नवरदेवाचा बाप ओरडतो, "भाऊ, नवरदेव इकडे हाये!" चाची गेल्यावर तेवढं हसणं सोडलं तर तिचं हलतं चित्र कुठेच नव्हतं. कॅसेटवर खूण म्हणून तिच्याच नेलपॉलिशचा लाल ठिपका.

ती कॅसेट त्यांनी माझ्या सिनेमासाठी माझ्या हातात ठेवली. "घेऊन जाय. तुह्यावर भरोसा हाये."

आता — कसं सांगू? फीत मातीत पुरली की चित्रं सुंदर झिजतात, असं कुठेतरी वाचलं होतं. एक रद्दी कॅसेट घ्यायची, फीत मोकळी करायची आणि आमच्या शेतात पुरायची, असं ठरवलं. पुरतानाचं स्वतःचं शूटिंगही लावलं. चष्म्यात मी कलावंत दिसत नाही, म्हणून चष्मा काढला. मग पिशवीतल्या दोन कॅसेटींपैकी एकीवरचा लाल ठिपका कोणाला दिसणार? वरून भावाने हरभऱ्याला पाण्याचे तुषार लावले.

आठ दिवसांनी उकरली. ठिपका तेवढा शाबूत होता.

इथवर गाढवपणा. त्याची मला लाज नाही. माझं निम्मं आयुष्य त्यावरच चाललंय. पण मी चाचांकडे गेलो आणि म्हणालो — कॅसेटीला आधीपासूनच बुरशी होती.

त्यांनी त्या लाल ठिपक्यावरून अंगठा फिरवला. मग म्हणाले, "माह्याच अलमारीले ओल आली असन, बेटा. मीच नाही सांभाळलं." आणि माझं काम बिघडलं म्हणून माझीच माफी मागितली. मी — "जाऊ द्या चाचा" म्हणालो. मोठ्या मनाने!

वाचलेल्या फितीत नुसता हात होता, जिलबी धरलेला, पट्ट्यापट्ट्यांतून थरथरणारा. त्याचाच मी सिनेमा केला; पुण्यात लोकांनी वाहवा केली. कोणी म्हणालं, विस्मरणाची भाषा. मी गंभीरपणे मान हलवली. चिखलीत दाखवला तेव्हा चाचा उठून पडद्यापाशी जाऊन उभे राहिले. "हात दिसते ना. लय झालं."

आजही काम अडलं की मी त्यांच्याकडेच जातो. माझ्यात जे काही थोडं बरं आहे, ते त्या घरातून आलंय — न मागता, न जोखता मिळालेलं. दिवाळी झाली की ते सगळ्या कॅसेटी खाटेवर उन्हात मांडतात. मी उलटवत बसतो. अंगणात ती अलमारी उभी असते. चाचीच्या माहेरची. आता खरंच गंजलीय, कोंबड्या बसतात तिच्यात.

ती घराबाहेर काढली त्या दिवशी एक टोक चाचांनी धरलं होतं, दुसरं मी. उचलण्याआधी मी आत हात फिरवून पाहिला होता.

ठणठणीत कोरडी होती.