मोटारीचा आवाज

अमेरिकेतल्या ट्रॉय शहरातल्या ऑफिसात रेकॉर्डिंग करून घेणारा संग्राम ज्याला मनातल्या मनात ‘मेलेला नट’ म्हणायचा, तो ओकुमुरा जपानी सिनेमांत तीस वर्षं नुसता मरत आला होता. कधी तलवारीनं, कधी विषानं, पण नेहमी मध्यंतराच्या आत. पुढे त्यानं कार्टूनमधल्या राक्षसांना आवाज दिला. आता म्हातारपणी मुलीच्या मागोमाग मिशिगनला येऊन तो मोटारीत रस्ता सांगणाऱ्या यंत्रासाठी जपानी वाक्यं रेकॉर्ड करत होता. कसलं डोंबलाचं करिअर! संग्रामला त्याची कीवसुद्धा येईना.

त्यात नखरे किती! ‘उजवीकडे वळा’ एवढंच म्हणायचं, तर हा कागद खाली ठेवून विचारायचा, “पण हे कोण बोलतंय?”

“मोटार बोलतेय, दुसरं कोण!” संग्राम इंग्रजीत खेकसायचा आणि मग मराठीत पुटपुटायचा, “म्हाताऱ्याची थेरं बघा!”

शेवटच्या दिवशी रेकॉर्डिंग चालू असतानाच बॉसचा फोन आला. संग्राम ताडकन उभा राहिला. “हे, सॅम हिअर!” म्हणत तो नाकातून गोल गोल इंग्रजी काढू लागला. त्याचा नागपुरी खर्ज कुठल्या कुठे पळाला. बॉसनं केलेला विनोद कळला नाही, तरी तो खो खो हसला.

फोन ठेवून वळला, तर ओकुमुरा हेडफोन काढून ऐकत बसलेला. चेहऱ्यावर ना हसू, ना राग. धंद्यातल्या माणसानं धंद्यातल्याच माणसाला विचारावं तसं त्यानं विचारलं,

“आवाज छान लावलात. पण हे कोण बोलत होतं?”