दादूसचा लोणा

दादूस गेल्याचा फोन रोमहून आला, तेव्हा मी रोडपालीच्या आमच्या फ्लॅटमध्ये रंगाऱ्याशी वाद घालत होते. लेकीचं लग्न तोंडावर आलेलं आणि हॉलमधल्या एका भिंतीला हात लावायचा की नाही, यावर घोडं अडलेलं. ती भिंत दादूसने रंगवलेली. फोन ठेवला आणि रंगाऱ्याला म्हटलं, "आज जा बाबा..."

दादूस म्हणजे माझा थोरला भाऊ. इटलीतल्या सिनेमांचा प्रॉडक्शन डिझायनर. पडद्यावरची घरं, गल्ल्या, दुकानं उभी करणारा. पनवेलजवळच्या मिठागरवाल्याचं पोर तिकडे पोचलं कसं, हे कोडं मला अजून पुरतं सुटलेलं नाही. मुंबईत चित्रकला शिकला, उरणला शूटिंगला आलेल्या इटालियन मंडळींच्या सेटला रंग दिला आणि त्यांच्याबरोबर गेला, एवढं ठाऊक. तिकडे सेटची नवी भिंत जुनी दाखवायची तर सगळे रंगच फासायचे. याने गिलाव्यात खारं पाणी मुरवलं आणि गप्प बसून राहिला. काही दिवसांनी भिंतीला लोणा फुटला. ओलीतून वर आलेला मिठाचा थर, पांढरा, भुरभुरीत, थेट आमच्या घरातल्यासारखा. दिग्दर्शकाने नखाने खरवडून पाहिलं म्हणे आणि पुढचा अख्खा सिनेमा याच्या हाती दिला.

मला ऐकून हसूच आलं. आई जन्मभर त्या लोण्याशी भांडली! दर सणाआधी भिंती खरवडायची, चुना मारायची. "लोना दिसला तं लोक नावा ठेवतान," म्हणायची. आणि याने त्याच्यावरच नाव काढलं.

पण एक सल होता. आई गेली तेव्हा त्याला पोचता आलं नाही. पुढे घर पाडून तिथे टॉवर उभा राहिला, ते फोनवर सांगितलं तर नुसतं "बरं" म्हणाला. असा राग आला मला! खोट्या घरांना एवढा जीव लावणाऱ्याला आपलं घर आठवतं तरी का?

शेवटचा आला तेव्हा आमची गुळगुळीत भिंत बघून म्हणाला, "बाय, ही भिंत हाय का फ्रीज?" दुपारभर ब्रश घेऊन बसला आणि खालच्या अंगाला असा लोणा रंगवला, की चहाला आलेले सोसायटीचे सेक्रेटरी वरच्या बिऱ्हाडाशी गळतीवरून भांडून आले. दादूस पोट धरून हसत होता. मधोमध एक तपकिरी डागही काढलेला. तो कशाला, विचारलं तर म्हणाला, "कधी खाली बसलीस तं कलेल. पन तुमी आता सोफेवाल्या!"

रंगारी परत यायचा म्हणून परवा सोफे बाहेर काढले. जमिनीवर लसूण सोलत बसले, पाठ टेकली... आणि डोकं बरोबर त्या डागावर. उंची मी आईचीच घेतली आहे. मिठागरातून आल्यावर आई चुलीसमोर अशीच टेकून बसायची. तिच्या केसांच्या तेलाचा डाग भिंतीवर पडलेला. कितीही चुना मारा, पुन्हा वर यायचा. किती रडले मी तिथे बसून! विसरला नव्हता माझा दादूस.

रंगाऱ्याला म्हटलं, बाकीच्या भिंती घे. लग्नाला येणारे नावं ठेवतील, ठेवोत. हल्ली मी डोक्याला तेल लावते आणि तिथेच टेकून बसते.