मुदत संपूनही बसलेला मेंबर

लाखेच्या व्यापारात वर आलो, इन्कमटॅक्स भरू लागलो, तेव्हा कुठे मला दिल्लीच्या कायदेमंडळासाठी मत देण्याचा हक्क मिळाला. ते मत मी ज्याला दिलं, त्यानं गोंदियाहून माल पाठवायला रेल्वेचे डबे मिळवून देण्याचा शब्द दिला होता. निवडून आल्यावर त्यानं ओळखही दाखवली नाही. पुढच्या निवडणुकीत त्याला पाडायचंच, असं मी ठरवलं.

तीन वर्षं झाली, तरी निवडणूक लागेना. मी वकिलांकडे गेलो.

"मुदत तीनच वर्षांची आहे," ते म्हणाले, "पण व्हाइसरॉयला वाढवता येते."

"माझा देवरीच्या जंगलाचा ठेका संपला की दुसऱ्या दिवशी नाकेदार हाकलते, अन् हा काऊन बसून राहिला?"

"कायले तापून राहिले शेठ? कायद्यातच तसं लिहून आहे."

मुदत घालणाऱ्यांनीच पळवाट ठेवली होती. ठेक्याच्या कागदात असली ओळ मी घालू दिली नसती.

मुदत वाढतच गेली. पुढे जर्मनीशी लढाईचं निमित्त झालं. लढाई संपून निवडणूक लागली, तेव्हा मेंबरनं प्रकृतीचं कारण सांगून अर्जच भरला नाही. आदल्याच आठवड्यात मी त्याला स्टेशनावर भजी खाताना पाहिलं होतं.