वाणात दिलेला अधिकार

सातपूरच्या एका लिफ्ट दुरुस्तीच्या कंपनीत मालनताई तक्रार विभागाच्या प्रमुख होत्या. २००३ साली तक्रारींचं सॉफ्टवेअर आलं. त्यात कोणाला काय दिसावं, कोणी काय बंद करावं, हे त्याच ठरवायच्या.

संक्रांतीला चांदवडला नणंदेकडे जायचं होतं. निघायच्या घाईत त्यांनी तृप्तीला स्वतःइतकेच अधिकार देऊन टाकले. ही तृप्ती फोनवर तक्रारी उतरवून घेणारी.

"घे, यंदाचं वाण समज."

"अय्या ताई, वाटी सोडून डायरेक्ट कंपनीच?"

परत आल्यावर ते अधिकार काढायला हवे होते. पण वाण दिलेलं कोणी परत मागतं का? पोर हिरमुसेल. खरं सांगायचं तर कंटाळा. वाण हे निमित्त.

एकदा तृप्ती डबा धुवायला गेली. संगणक उघडाच. मेकॅनिक किशोर तिच्या खुर्चीत बसला आणि त्याने स्वतःच्या नावाला तक्रारी बंद करण्याचा अधिकार देऊन घेतला. मग काय, हात न लावलेल्या कामांपुढेही 'दुरुस्त' लागायला लागलं. त्यात एका प्रसूतिगृहाची लिफ्ट होती. ती बंदच पडली. सिझेरियन झालेल्या बाईला खुर्चीत बसवून जिन्याने उतरवताना तिचे टाके उसवले.

साहेबांनी चौकशी केली. किशोरला अधिकार कोणी दिला? संगणक म्हणाला, तृप्तीने. किशोर गेलाच, आणि तृप्तीलाही उद्या राजीनामा आणायला सांगितलं.

"ताई, मी फक्त डबा धुवायला गेले होते हो!"

"बघते मी," एवढंच मालनताई बोलल्या आणि घरी गेल्या. गप्प बसलं असतं तर कोणी विचारलं नसतं. हेच घशाखाली उतरेना.

सकाळी त्या साहेबांसमोर उभ्या राहिल्या.

"तृप्तीला कोणी दिला, ते नाही बघितलंत? मी."

"विश्वासाने दिला असेल तुम्ही."

"विश्वास कसला, साहेब! ज्याचं जेवढं काम तेवढाच अधिकार, आणि काम सरलं की त्याच दिवशी काढायचा. मला माहीत होतं, मी केलं नाही. आणि यापुढे दुरुस्ती करणाऱ्याने तक्रार बंद करायची नाही. गिऱ्हाइकाला विचारून दुसऱ्याने करायची."

तृप्ती राहिली. मालनताईंचं पद गेलं. जाता जाता तृप्तीचे अधिकार तेवढे त्यांनीच काढले, तिला शेजारी उभं करून.

"परत घेतेय गं."

"घ्या, घ्या लवकर! वाटीच द्यायची होती ना, ताई!"

मालनताईंना हसू आलं नाही. प्रसूतिगृह त्यांच्या घराच्या वाटेवरच होतं. त्या बाईला भेटून यावं, असं रोज वाटायचं. त्या कधीच आत गेल्या नाहीत.