समासातली अक्षरं

माझी आत्या पुस्तकबांधणी शिकली ती वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, आणि तीही रागाच्या भरात. त्याआधी चौदा वर्षं ती शर्टांच्या कारखान्यात कॉलर शिवत होती. कारखाना बंद पडला आणि ती आमच्याकडे, म्हणजे भावाच्या घरी, राहायला आली. त्याच महिन्यात मी बाबांच्या जाडजूड शब्दकोशावर उभी राहून फळीवरचा डबा काढला आणि कोशाची पाठ मोडली. बाबा आत्याला म्हणाले, "तू रिकामीच आहेस ना, एवढं बाइंडरकडे टाकून ये."

तो 'रिकामी' शब्द तिला असा झोंबला, की तिनं दुकानात जाऊन कोश टेबलावर आपटला आणि म्हणाली, "टाकायला नाही आले. शिकवा, मी स्वतःच करते."

बाइंडरला सगळे सावकाशकाका म्हणत. साठीला टेकलेला, बुटका माणूस, कुठल्याही प्रश्नाला उत्तर एकच, "सावकाश." पहिलीचं पुस्तक त्यांच्याकडे टाकलं तर पोरगं नोकरीला लागल्यावर परत मिळतं, असं लोक म्हणायचे. त्यांनी कोश उचलला, बाहीनं पुसला आणि म्हणाले, "आधी माफी माग."

"तुमची?"

"माझी कशाला? याची."

आत्याला हसू आलं, आणि ती तिथंच राहिली.

दुकान म्हणजे एक लांबट खोली. खिडकीपाशी शिवणाचं टेबल, भिंतीला पुठ्ठ्यांच्या थप्प्या, मध्ये पुस्तकं दाबून ठेवायचा लोखंडी शिकंजा. मैद्याच्या खळीत कीड लागू नये म्हणून मोरचूद घालायचे, त्याचा निळसर डाग दोघांच्याही बोटांवर कायमचा. आणि कोपऱ्यात कागद कापायचं मोठं यंत्र, हातभर लांब पात्याचं, कायम चादरीखाली झाकलेलं.

पहिलं वर्ष काकांनी तिला फक्त उसवायला लावलं. जुना दोरा काढायचा, वाळलेला सरस ओल्या फडक्यानं मऊ करून खरवडायचा, पानांचे गठ्ठे सुटे करायचे. आत्या धुसफुसायची. कॉलरी शिवलेल्या बाईला सुईदोरा काय शिकवणार? पण शिवायला बसली आणि पहिल्याच पुस्तकात दोरा एवढा ताणला की घडीवरचं भोक टर्रकन फाटलं. काका म्हणाले, "कापड चुकलं तर उसवता येतं. कागद फाटला की फाटला. त्याला दुसरी संधी नसते."

तिसऱ्या वर्षी ती पुस्तकाची पाठ गोल करायला शिकली, फाटक्या पानाला पातळ कागदाचं ठिगळ असं लावायला शिकली की बोटालाही कळू नये. फक्त कापायचं यंत्र तिच्या हाती येईना. विचारलं की, "अजून नाही." हे 'अजून नाही' तिच्या मनात कुसळासारखं रुतून बसलं.

काकांचे एकच मित्र होते, शाळेतून निवृत्त झालेले एक गुरुजी. चाळीस वर्षांची दोस्ती. रोज संध्याकाळी ते दाराजवळच्या स्टुलावर बसून काकांशी बुद्धिबळ खेळत. दोघंही बिनदिक्कत फसवत आणि पकडले गेले की एकमेकांच्या बापजाद्यांचा उद्धार करत. मग गुरुजींची बायको वारली. दोन महिने गुरुजी फिरकले नाहीत. आले ते हातात रुमालात बांधलेलं एक पुस्तक घेऊन.

घरगुती औषधांचं पुस्तक होतं ते, पार खिळखिळं झालेलं. बाईंना लिहायला-वाचायला गुरुजींनीच शिकवलं होतं, ते चाळिशीत. त्यानंतर त्यांनी आयुष्यभर हे एकच पुस्तक वाचलं, आणि त्याच्या समासात पेन्सिलीनं काही ना काही लिहीत राहिल्या.

"काय लिहिलंय?" काकांनी विचारलं.

"माहीत नाही रे. जिवंत होती तेव्हा वाटायचं, काढ्याबिढ्याचं लिहीत असेल. आता उघडलं तर पानं हातात येतात. तू नीट बांधून दे, मग रोज एक पान वाचीन."

चारच दिवसांनी काकांना मुलीच्या आजारपणासाठी तिच्या घरी जावं लागलं. जाताना आत्याला बजावून गेले, "गुरुजींचं पुस्तक शिवून ठेव. कडांना हात लावू नकोस."

आत्यानं शिवलं. आयुष्यात इतकं सुरेख तिनं काही शिवलं नव्हतं. पण कडा मात्र मळक्या, दुमडलेल्या, कुरतडल्यासारख्या. नव्या शिवणीपुढे त्या तिला बघवेनात. काका परत येतील, पुस्तक बघतील आणि म्हणतील, अरे वा, हे कधी शिकलीस? एवढंच तिच्या डोक्यात होतं. तिनं चादर काढली, पुस्तक पात्याखाली बसवलं आणि चाक फिरवलं.

"लोणी कापावं तसं कापलं गं," ती मला सांगते. "आणि मला आनंद झाला. तेच आठवून अजून अंगावर काटा येतो."

मग तिनं कड पुसायला पुस्तक चाळलं. बाईंचं अक्षर समासाच्या अगदी टोकापर्यंत गेलेलं होतं. उजव्या पानांवर ओळींचे शेवट गेले होते, डाव्या पानांवर सुरुवाती. पेन्सिलीच्या खुणा तिनं आधी पाहिल्या नव्हत्या का? पाहिल्या होत्या. "पण मला कडाच दिसत होत्या," ती म्हणते. "अक्षरं दिसलीच नाहीत."

कापलेल्या पट्ट्या यंत्राखालच्या ढिगात पडल्या होत्या, काकांनी जायच्या आदल्या दिवशी कापलेल्या वह्यांच्या कातरणात. बोटाएवढ्या रुंद. आत्या जमिनीवर मांडी घालून त्या वेचत बसली. काका आले तेव्हाही ती तिथंच होती. त्यांनी पुस्तक पाहिलं, पट्ट्या पाहिल्या, पाणी मागितलं. ओरडले नाहीत. तिच्यासमोर बसले आणि वेचायला लागले. अकरा दिवस दोघं अर्ध्या अक्षराला अर्धं अक्षर जुळवत होती. जेमतेम एक तृतीयांश जुळलं, ते त्यांनी पातळ कागदावर चिकटवून पानांना जोडलं. बाकीचं गेलं.

गुरुजी न्यायला आले तेव्हा आत्या शिकंज्यामागे उभी होती. काकाच बोलले. "माझ्या हातून चूक झाली. कापताना घाई केली."

गुरुजी आधी हसले. "तू? आणि घाई?" मग त्यांनी एक पान उलटलं, दुसरं उलटलं. पुस्तक पुन्हा रुमालात बांधलं आणि निघून गेले.

"मी तोंड उघडलं होतं," आत्या म्हणते. "शप्पथ, उघडलं होतं. पण आवाजच फुटला नाही."

ते गेल्यावर ती म्हणाली, "काका, मी जाऊन सांगते."

"दुकान माझं, चूक माझी. येईल तो चार दिवसांत. माझ्यावर रुसून जाणार कुठं?"

चार दिवस गेले, चार महिने गेले. दाराजवळचं स्टूल बरेच दिवस मोकळं होतं, मग काकांनी त्याच्यावर पुठ्ठे रचले. रस्त्यात समोरून काका दिसले की गुरुजी पलीकडच्या बाजूनं जात. काकांनी आत्याला यंत्र शिकवलं ते त्याच सुमारास. "आता शीक," म्हणाले. "आता तुला हात कुठं थांबवायचा ते कळेल."

गुरुजींचं घर दुकानापासून दहा मिनिटांवर. आत्या कुठल्याही दिवशी जाऊ शकली असती. सुरुवातीला लाज वाटायची. मग वाटायचं, इतक्या उशिरा सांगितलं तर आणखीच वाईट दिसेल. आणि पुढे पुढे तर तिनं स्वतःची समजूतच घातली, की म्हातारी माणसं हट्टी असतात, त्यांचं ते बघतील. असं करत सहा वर्षं गेली आणि काका छातीच्या दुखण्यानं गेले. गुरुजी शेवटचं बघायलाही आले नाहीत.

मग मात्र तिला राहवेना. दहाव्या दिवशी ती गुरुजींकडे गेली. ते दारातच खुर्ची टाकून बसले होते. तिनं उभ्या उभ्याच सगळं सांगून टाकलं. ते उठले. मग आतून पुस्तक घेऊन आले आणि एक उजवं पान उघडून तिच्यापुढे धरलं. "वाच."

आत्यानं वाचलं. 'आज यांनी स्वतःहून चहा'

"पुढे काय?" गुरुजी म्हणाले. "केला? मागितला? सोडला? सहा वर्षं आठवतोय. मी चहा केल्याचं मला आठवत नाही, पण केला असेन एखादवेळी. नाहीतर ती लिहील कशाला?"

"गुरुजी, मला माफ करा."

"ह्याचं करीन गं. कागदच तो." त्यांनी पुस्तक मिटलं. "पण मी ज्याच्याशी सहा वर्षं बोललो नाही, त्याचं काय? आता येऊन सांगतेस. आता मी कुणाकडे जाऊ?"

गुरुजींनी तिला बसही म्हटलं नाही आणि जाही म्हटलं नाही. शेवटी तीच निघाली.

तिथून ती थेट काकूंकडे, म्हणजे काकांच्या बायकोकडे गेली. काकू खालच्या खोलीत पालेभाजी निवडत होत्या. आत्यानं पुन्हा पहिल्यापासून सांगायला सुरुवात केली, तर त्यांनी मध्येच थांबवलं.

"मला ठाऊक आहे. पहिल्या दिवसापासून."

"मग तुम्ही गुरुजींना का नाही सांगितलंत?"

"ह्यांनी बजावलं होतं. म्हणायचे, ती आपणहून सांगेल, पोर खोटी नाही. दर थोड्या दिवसांनी विचारलं की हेच. शेवटी मी विचारायचं सोडलं." काकूंच्या आवाजात राग नव्हता. "ह्यांनी वाट बघितली गं तुझी."

ते दुकान आत्या आता अकरा वर्षं चालवते. गुरुजी पुढच्याच थंडीत गेले, त्या पुस्तकाचं काय झालं कुणाला माहीत नाही. हे सगळं तिनं मला सांगितलं तेव्हा मी विचारलं, काकू असं म्हणाल्यावर तू काय म्हणालीस?

"काय म्हणणार?" आत्या म्हणाली. "त्यांच्या पुढ्यातली अर्धी जुडी ओढून घेतली आणि निवडत बसले. अंधार पडेपर्यंत दोघी बसलो होतो."