रावेर वाचवलं तेव्हा

एकदा मी माझ्याच हातानं भुसावळ उडवलं होतं. घाबरू नका, खेळातलं. लॅपटॉपवरचा खेळ, प्रत्येकानं आपापली शहरं वसवायची, सैन्य उभं करायचं, आणि आपली पाळी आली की चाल करायची. माझ्या शहरांना मी आपल्याकडचीच नावं दिली होती. जळगाव राजधानी, मग भुसावळ, नशिराबाद, रावेर. माझ्या थोरल्या मेहुण्याचं, नानाचं, सैन्य सीमेवर येऊन बसलं तेव्हा मी मोठ्या थाटात त्यावर अणुबॉम्ब टाकला. बॉम्ब ज्या चौकटीवर पडतो तिच्या आजूबाजूच्या चौकटीही जाळतो, हे काही मी वाचलं नव्हतं. नानाचं सैन्य गेलं. सोबत माझं भुसावळही गेलं. आणि मी शाळेत भूगोल शिकवतो — धुळ्याला सासरवाडीत हे सगळ्यांना ठाऊक होतं. पुढचं वर्षभर धुळ्याहून फोन आला की पहिला प्रश्न ठरलेला, "जिजाजी, भुसावळ आहे ना अजून जागेवर?"

ही गोष्ट मी स्वतःच लग्नाकार्यात रंगवून सांगतो. लोक हसतात, मीही हसतो. पण त्याच्या पुढच्या वर्षीची गोष्ट — ती मी कोणाला सांगितलेली नाही. मित्राला नाही, बायकोला तर नाहीच. मग तुम्हाला का? तुम्ही आमच्या नात्यातले नाही, म्हणून असेल. मला नीटसं माहीत नाही.

आमच्या खानदेशात दिवाळीपेक्षा अखाजी मोठी. अक्षय्य तृतीयेला लेकी माहेरी येतात, झाडाला झोके बांधतात, गाणी म्हणतात, खापरावरचे मांडे नि आमरस हाणतात. आणि पुरुषांना त्या दिवशी पत्ते कुटायची मुभा असते. घरातली म्हातारी माणसंही काही बोलत नाहीत. पण माझ्या सासरी एका अखाजीला पत्त्यांवरून अशी काही वादावादी झाली, की सासूबाईंनी — त्यांना सगळे अक्का म्हणतात — पत्त्यांचा जोड उचलून चुलीत टाकला. पुढच्या वर्षी धाकट्या मेहुण्यानं, गोकुळनं, लॅपटॉप आणला. म्हणाला, यात पैशाचा संबंध नाही, भांडण व्हायचं कारणच नाही.

भांडण व्हायचं कारणच नाही. हे वाक्य मला झोपेतही आठवतं.

खेळ एकाच लॅपटॉपवर चालायचा. ज्याची पाळी, तो आतल्या खोलीत एकटा बसणार. बाकीचे बाहेर ओसरीत. दुसऱ्याचं सैन्य कुठे आहे ते दिसू नये म्हणून हा नियम. नियम सर्वांना सारखा होता — म्हणजे, तसा होता. पण कूलर त्या आतल्या खोलीत होता. कूलरसमोर खाट होती. आणि अखाजीच्या दुपारी, चार वाट्या रस पिऊन आडव्या झालेल्या जावयाला "उठा, बाहेर बसा" असं धुळ्यात कोण म्हणणार? जावयाला उठवायचं नाही. जावयावर संशय घ्यायचा नाही. असला विचार त्या घरात कोणाच्या मनाला शिवतसुद्धा नाही. मला ते पक्कं ठाऊक होतं. म्हणजे बघा, मी आडवा झालो तोच —

नाही, तसं नाही. आडवा झालो तेव्हा खरंच झोप येत होती. एवढं तरी खरं सांगू द्या.

त्या वर्षी नाना आणि गोकुळ, दोघा भावांनी युती केली होती, माझ्या विरोधात. नानाकडे अणुबॉम्बचं क्षेपणास्त्र तयार होतं, हे त्यानं जेवताना स्वतःच सांगितलं होतं, मला धाक बसावा म्हणून. आता, अशा बॉम्बपुढे माणूस करू काय शकतो? शहराखाली तळघरं बांधली तर निम्मी माणसं वाचतात. सैन्य शहराबाहेर माळावर पांगवून ठेवलं तर एका बॉम्बमध्ये सगळं जात नाही. विमानं उडती ठेवली तरी ती क्षेपणास्त्राला अडवू शकत नाहीत. खरा उपाय एकच, क्षेपणास्त्र हवेतच पाडणारी तोफ. ती माझ्याकडे एकच होती, आणि ती ज्या शहरात उभी असेल तेवढंच शहर वाचवायची. शहरं माझी आठ. शहाणा माणूस ती राजधानीत ठेवतो. मीही जळगावातच ठेवली होती.

नानाची पाळी आली. मी खाटेवर, भिंतीकडे अर्धं तोंड करून. नाना लॅपटॉपपुढे बसला, थोड्या वेळानं दार उघडून त्यानं गोकुळला आत बोलावलं. घरात हे दोघं आपसात अहिराणीत बोलतात.

"जिजाजी आठेच शेतस," गोकुळ म्हणाला, इथेच आहेत म्हणून.

"झोपेल शेतस. ऱ्हाऊ दे." मग हळू आवाजात, "बठ्ठा लोके जळगाव सांभाळतीन. मी रावेरले टाकसू. कोनले सांगू नको." म्हणजे सगळे जळगाव राखत बसतील, आणि बॉम्ब पडणार रावेरवर.

तेव्हा मी घोरलो.

यात झोपेचा काही भाग नव्हता. मी मुद्दाम, ठरवून, आवाज काढून घोरलो — पन्नाशीला आलेला माणूस, खुंटीवर टांगलेल्या स्वतःच्या शर्टाखाली पडून, मेहुण्यांना फसवायला घोरत होता. एक डोळा किलकिला करून मी पडद्याकडे बघितलंही. नानाची पाणबुडी रावेरच्या किनाऱ्याला लागत होती. (आमच्या खेळात रावेरला समुद्र होता. भूगोलाच्या मास्तरनं तेही चालवून घेतलं.)

माझी पाळी आली तेव्हा मी डोळे चोळत उठलो, लॅपटॉपपुढे बसलो आणि तोफ जळगावातून काढून रावेरला नेली. तेवढ्यावर थांबायचं होतं. पण माझ्या डोक्यात भुसावळ होतं, वर्षभराचं हसणं होतं. मी रावेरचं सैन्य बाहेर काढलं, तळघरं पूर्ण करायला खजिना रिकामा केला. राजधानी उघडी टाकली. चांगला चोर असतो तो थोडं तरी नुकसान होऊ देतो. मला चोरीही धड करता आली नाही.

मग पुन्हा नानाची पाळी आली, आणि बॉम्ब पडताना बघायला त्यानं सगळ्यांना आत बोलावलं. बायकाही आल्या, झोक्यावरून उतरून. माझी बायको मंगला दारात उभी होती, हातात रसाची वाटी. नानानं बटण दाबलं. क्षेपणास्त्र सुटलं, रावेरवर आलं, आणि हवेतच फुटलं. मी टाळी वाजवली. "म्हटलं होतं ना, बुद्धी लागते," असं काहीतरी बोललोही.

टाळी एकट्याचीच वाजली.

नाना विमानं पाठवून पडद्यावर माझा मुलूख बघत होता. उघडं जळगाव, आणि रावेरसारख्या कोपऱ्यातल्या शहरात माझी एकुलती तोफ. मग गोकुळकडे वळला. माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही.

"तुनाशिवाय कोनले माहीत व्हतं?"

"मायनी आन, नाना. मी नही सांगं."

"मंग दुकानातलं कोटेशन बी तूच दिधं व्हई."

हे तुम्हाला कळायला हवं. दोघा भावांचं धुळ्यात एकच दुकान होतं, ठिबकच्या नळ्यांचं आणि पाण्याच्या मोटारींचं. त्याआधीच्या हिवाळ्यात एका मोठ्या कामासाठी त्यांनी दिलेला भाव समोरच्या दुकानदाराला आधीच कळला होता आणि काम हातचं गेलं होतं. कोणी फोडला, कळलं नव्हतं. नानानं कोणावर बोट ठेवलं नव्हतं, पण काटा रुतलेला होता. त्या दुपारी त्याला वाटलं, काटा सापडला.

त्या क्षणी मला काय बोलायला हवं होतं? चार शब्द. "नाना, मी जागा होतो." एवढंच. काय झालं असतं? हसले असते. भुसावळ उडवणारे जिजाजी आता चोरूनही बघतात म्हणाले असते. दोन वर्षं, फार तर पाच वर्षं चिडवलं असतं. त्यापलीकडे काय किंमत होती त्या चार शब्दांची? पण दारात मंगला उभी होती, मेहुण्यांच्या बायका उभ्या होत्या, अक्का होत्या. जावई म्हणून मिळालेली ती खाट, तो कूलर, ती न विचारता मिळणारी अब्रू — मला ती घोरण्याच्या आवाजासकट सांभाळायची होती. मी म्हणालो, "अहो, खेळ आहे हा." शहाण्यासारखं. समजूत घातल्यासारखं.

हे इथेच संपलं असतं तर मी भित्रा ठरलो असतो, बस. पण खरं सांगायचं ते अजून पुढे आहे. मी फिरून फिरून तिथे जायचं टाळतोय, ते तुमच्या लक्षात आलं असेल.

तिसऱ्या दिवशी गोकुळ जळगावला आमच्या घरी आला. एकटा, मोटारसायकलवर, उन्हातान्हात. मंगला शेजारी गेली होती. तो पाणी प्यायला, हेल्मेट मांडीवर घेऊन बसला आणि म्हणाला, "जिजाजी, नाना माझ्याशी बोलत नाही. तुमचं तो ऐकतो. त्याला एवढंच सांगा, की मी तुम्हाला काही बोललो नव्हतो. बाकी काही नको." त्यानं मला एकदाही विचारलं नाही, की मग तुम्हाला कळलं कसं. त्याच्याही मनाला ते शिवलं नाही. मी म्हणालो, आज फोन करतो.

आणि मी केला. खरंच केला, बरं का. तो गेल्यावर अर्ध्या तासात.

मी नानाला म्हणालो, "नाना, जाऊ द्या. लहान आहे तो. तुम्ही मोठे आहात, माफ करून टाका."

माफ करून टाका. कशाबद्दल? नाना म्हणाला, "म्हणजे खरंय."

मी "नाही" म्हणालो नाही. मी म्हणालो, "कशाला आता उकरून काढता."

एवढं बोलून मी फोन ठेवला आणि चहा टाकला. गोकुळला नंतर सांगितलं, मी खूप समजावलं, ऐकत नाहीत. तो मला "थँक्यू जिजाजी" म्हणाला.

वर्षाच्या आत दुकानात मधोमध भिंत आली. दोन शटर, दोन पाट्या. गोकुळ बिऱ्हाड घेऊन धुळ्यातच पलीकडे देवपूरला राहायला गेला, अक्का नानाकडे. आणि मंगला? तिचं माहेर दोन झालं, म्हणजे एकही उरलं नाही. पहिल्या अखाजीला ती नानाकडे गेली, तर गोकुळची बायको भेटायलासुद्धा आली नाही. पुढच्या वर्षी गोकुळकडे गेली, तर अक्का आल्या नाहीत. नानाला आवडणार नाही म्हणाल्या. तिसऱ्या वर्षी तिनं बॅग भरली, दोन दिवस ती कोपऱ्यात उभी ठेवली आणि मग एकेक साडी परत कपाटात लावली. मी पेपर वाचत होतो. पेपरातली एकही ओळ मला कळत नव्हती.

आता सणालाही ती जळगावातच असते. अखाजीच्या आधी सांजोऱ्या करते आणि दोन डबे भरते, एक नानाचा, एक गोकुळचा. दोन्ही एकसारखे, एकात एकही जास्त नको म्हणून मोजून. ते डबे धुळ्याच्या एसटीत कंडक्टरजवळ देऊन यायचं काम माझं. दरवर्षी मी ते देतो. स्टँडवरून परत येताना दरवर्षी ठरवतो, की घरी गेल्यावर तिला सांगायचं. आणि दरवर्षी घरी जेवण तयार असतं.

यंदाही डबे देऊन आलो. पाटावर बसलो. मंगलानं मांडा वाढला, वर तूप सोडलं. शेजारच्या अंगणात कोणाच्या तरी माहेरवाशिणी गात होत्या. ती थोडा वेळ तिकडे कान देऊन उभी राहिली. मग माझ्याकडे न बघता म्हणाली,

"तेव्हा तुम्हाला गोकुळनंच सांगितलं होतं ना? — राहू द्या, बोलू नका. माझा भाऊ आहे, पण चुकला तो चुकलाच. तुम्ही मात्र इतक्या वर्षांत त्याचं नाव तोंडातून काढलं नाही. अक्का म्हणते ते खरंय, असा जावई मिळायला नशीब लागतं."