भिंतीतल्या बाईचा रविवार

सुरतेतल्या भिंती जुने आवाज परत ऐकवतात, हे सुरतेबाहेर सांगितलं की लोक म्हणतात, फेकू नका. मी कशाला फेकू? लिंबायतमध्ये खोली बघायला जा. पाणी किती वाजता येतं हे घरमालक नंतर सांगतो. आधी सांगतो, खोलीत पूर्वी कोण राहत होतं. आमच्या मागच्या गल्लीत एका बँडवाल्याची खोली होती. तो गावी गेला त्याला जमाना झाला, पण लग्नसराईत ती खोली अजून अशी वाजते की एक वरात चुकून आत शिरली. नवऱ्या मुलाला आमची गल्ली आवडली. तो आता तिथेच राहतो.

आमच्या घराची मागची भिंत लूम्सच्या एका जुन्या खात्याची. खातं म्हणजे मागांची शेड. शेड पाडली, प्लॉट विकले, ही एक भिंत तेवढी उरली. बाबांनी तिला टेकून दोन खोल्या उठवल्या. दर रविवारी बाराच्या सुमारास भिंतीतली शिफ्ट सुरू व्हायची. खटाखट, खटाखट. मांडणीतली ताटं नाचायची. पाल तर पहिल्याच रविवारी नंदुरबारला निघून गेली, ती आजतागायत आलेली नाही.

मग माग थांबायचे आणि एक बाई अहिराणीत गरजायची, "ए मुकादम, मना पोऱ्याले बोलू नको! जपी ग्या व्हई ते जपू दे त्याले! मी देखसू त्यानी मशीन!"

म्हणजे पोरगा झोपला असेल तर झोपू दे, त्याचं मशीन मी बघते. यापुढे मुकादमाला एक शिवी होती. ती मी लिहीत नाही, कागद जळेल. ही बाई कोण, आम्हाला पत्ता नव्हता. बाबांची सगळी नोकरी या खात्यात नव्हे, उधन्याला गेलेली. पण ती घरचीच झाली होती. आई पोळ्या लाटता लाटता तिला उत्तर द्यायची, "देख माय, देख."

ताई एका डाइंग मिलच्या लॅबमध्ये कापडाच्या रंगाची शेड जुळवते. नुसता लाल म्हटलं तर तिला राग येतो, तिच्याकडे लालाच्या इतक्या जाती आहेत की माणसांतही नसतील. लग्नानंतर काम सोडणार नाही, या एका वाक्यावर तिची दोन स्थळं फिरली होती. त्यांची तिला खंत नव्हती. तिसरं स्थळ मात्र तिला मनापासून आवडलं होतं. मुलगा हजीऱ्याच्या एका प्लांटमध्ये होता, "घरी मी बोलतो," असं तिला फोनवर म्हणाला होता, आणि अजून बोलला नव्हता.

तर त्याच्या घरचे पाहुणे रविवारीच येणार. दुसरा वार त्यांना जमेना. आईने फर्मान काढलं: "साडेअकराच्या आत पाहुणे बाहेर. त्या बाईने शिवी दिली की संपलं."

पाहुणे आलेच अकराला. त्यात बाबांनी कौतुकाने लोचो, म्हणजे सुरतेचा डाळीचा वाफाळता नाश्ता, आणून ठेवलेला. मुलाच्या वडिलांनी पहिली प्लेट चवीने खाल्ली, दुसरी आग्रहाने, तिसरी स्वतः मागून घेतली. आई घड्याळाकडे अशी बघत होती की काटा लाजून मागे सरकावा.

"बेन, लोचो एकदम टॉप," ते म्हणाले. सुरतेजवळच्या सचिन गावात त्यांचे स्वतःचे माग होते आणि बोलणंही मागाच्या वरच्या पट्टीतलं. "आता पोरीच्या नोकरीचं सांगतो. आमच्या घरातल्या बाईने कधी उंबरा ओलांडला नाही. आमची माय म्हणजे देवमाणूस. जन्मात कोणी तिचा आवाज ऐकला नाही."

"मग राहू द्या काका," ताई म्हणाली. "चहा घ्या आणि सावकाश जा." आवाज तिने सरळ ठेवला होता. मुलाकडे मात्र तिने बघितलं नाही.

मुलाने तोंड उघडलं. "बाबा..." वडिलांनी बघितलं, मुलाने मिटलं.

खटाखट, खटाखट.

"शेजारचा मिक्सर आहे," आई म्हणाली. ताटं नाचत होती, छताचा पंखा उलटा फिरायला लागला होता. "मोठा मिक्सर आहे."

मग ती बाई गरजली. आईने डोळे मिटले.

उघडले तेव्हा मुलाची आई उभी होती. प्लेट खाली, पदर डोक्यावर. ती सरळ भिंतीपाशी गेली, वाकली आणि भिंतीच्या पायाला हात लावून म्हणाली, "पाया पडते, आत्याबाई." मग नवऱ्याकडे वळून, "अहो, उठा ना! माय आली!"

तेवढ्यात शिवी आली. तिने मान डोलावली. "त्याच आहेत."

"आजी?" मुलगा म्हणाला.

मुलाचे वडील चमच्यात लोचो धरून बसून राहिले. भिंत गप्प झाली. ते म्हणाले, "खातं इथं होतं व्हय? गल्ल्या झाल्या, ओळखूच आलं नाही." मग हळूच म्हणाले, "बाप गेला तेव्हा आम्ही दोघं मायलेक इथं कामाला होतो. मला झोप फार यायची."

त्यांनी चमचा खाली ठेवला. लोचो गार झाला होता.

"पोरी, तुझी ड्यूटी कितीला सुटते?"

"सहाला, काका."

"मिलच्या तिठ्यावर रिक्षा मिळत नाही त्या वेळेला." ते मुलाकडे वळले. "घ्यायला जाशील ना?"

"जाईन," मुलगा म्हणाला. त्या दिवसातलं त्याचं हे पहिलं पूर्ण वाक्य.

लग्न झालं. आता व्याही दर रविवारी डबा घेऊन आमच्याकडे येतात. बाराला माग सुरू झाले की भिंतीला पाठ लावून बसतात, आणि बाईचं वाक्य संपायच्या आत गाढ झोपतात. आई पंखा वाढवते आणि नेहमीसारखी म्हणते, "देख माय, देख."

ताई काही रविवारची येत नाही. तिची रविवारी ड्यूटी असते.